अँकरेजला जाताय? मग आधी तासाभराची ट्रॉली टूर करा, बाकीचं नंतर ठरवा

नागपुरातून अलास्काला जाणारे आता बरेच दिसून राहिले. कोणाची मुलगी सिॲटलला असते ती आईबाबांना घेऊन जाते, कोणी क्रूझ बुक करतं, आणि आपल्या विदर्भातल्या शाळा जूनच्या शेवटाला उघडतात म्हणून पोरांनाही नेता येतं. पण ह्यातल्या बहुतेकांचा प्लॅन पाहिला की अलास्कातल्या अँकरेज शहराच्या नावापुढे फक्त 'नाईट हॉल्ट' लिहिलेलं असतं, म्हणजे उतरायचं, झोपायचं, सकाळी देनाली नॅशनल पार्कची ट्रेन नाहीतर क्रूझची बस पकडायची. मला हे पाहून खरंच वाईट वाटतं, कारण अर्धा दिवस जरी हातात असला तरी हे शहर नीट बघता येतं, फक्त ते कसं बघायचं हे आधी माहीत पाहिजे.

सगळ्यात आधी करायचं काम म्हणजे शहराची छोटी गाईडेड टूर. डाउनटाऊनमध्ये फोर्थ ॲव्हेन्यू आणि एफ स्ट्रीटच्या कोपऱ्यावर लाकडी ओंडक्यांचं एक छोटं घर आहे, छपरावर गवत उगवलेलं, बाहेर जेडचा भलामोठा दगड, ते व्हिजिटर सेंटर. उन्हाळ्यात तिथल्याच भागातून लाल ट्रॉली निघते, साधारण तासाभराची फेरी असते. ट्रॉली म्हणजे रूळावरची ट्राम नाही हं, जुन्या ट्रामसारखी सजवलेली बस. मे ते सप्टेंबर हा सीझन, वेळा आणि तिकिटाचा रेट जायच्या आठवड्यात वेबसाईटवर बघून घ्या कारण दरवर्षी बदलतो. क्रूझचे प्रवासी उतरतात-चढतात त्या दिवशी गर्दी असते म्हणून तिकीट आधीच काढलेलं बरं.

ही टूर पहिल्याच दिवशी करा, उतरल्याबरोबर, जमलं तर सकाळचीच. आपल्याकडे सवय अशी की सगळं आपणच फिरायचं आणि वेळ उरला तर शेवटी सिटी टूर. इथे उलटं करा. एका तासात शहर कुठून कुठे पसरलंय, समुद्र कुठे, डोंगर कुठे, सायकलचा रस्ता कुठून सुरू होतो हे सगळं डोक्यात बसतं आणि मग उरलेला वेळ कशावर घालवायचा हे तुम्ही स्वतः ठरवू शकता. रस्ते सोपे आहेत, ॲव्हेन्यूंना नंबर आणि ए स्ट्रीटपासून पश्चिमेला बी, सी, डी अशी अक्षरं, त्यामुळे टूर संपल्यावर आईबाबांनाही एकटं फिरायला भीती वाटत नाही.

जेटलॅगचं काय असं विचाराल तर उन्हाळ्यात अँकरेज आपल्यापेक्षा साडेतेरा तास मागे असतं. तिथे सकाळचे १० वाजले की नागपुरात त्याच रात्रीचे साडेअकरा. म्हणजे शरीर झोपायला बघतं आणि बाहेर लख्ख ऊन, जूनच्या विसाव्या-एकविसाव्या तारखेच्या आसपास तर १९ तासांवर दिवस असतो आणि रात्री साडेअकराच्या पुढे सूर्य मावळतो. पहिल्या दिवशी स्वतः चालत फिरायला गेलात तर दुपारी कोलमडाल, ट्रॉलीत बसून ऐकायचं असतं म्हणून जमून जातं. रात्री झोपताना डोळ्यावर पट्टी लावा, नाहीतर पडदा ओढूनही उजेड येतच राहतो.

कपड्यांचं थोडक्यात सांगतो. आपण ४५ डिग्रीतून निघालेलो असतो आणि तिथे जुलैतही दुपारी १८-१९ डिग्रीच्या आसपास, वारा सुटला किंवा पाऊस भुरभुरला तर त्याहून थंड. जाड स्वेटर एकच घेण्यापेक्षा पातळ दोन-तीन थर आणि वरून पाणी न लागणारं जॅकेट घ्या. आणि सोबत ताजी संत्री नेऊ नका, अमेरिकेच्या कस्टममध्ये फळं काढून घेतात, बाकी खायचं जे काही नेताय ते डिक्लेअर करा. व्हिसाचा इंटरव्ह्यू आपल्या लोकांना बहुतेक मुंबईला पडतो, त्याची तारीख आधी मिळवा आणि मगच पुढचं बुकिंग.

आता मुद्द्याचं. गाईड इंग्लिशमध्ये बोलतो, माईकवर, भराभर, आणि मध्येमध्ये तिथल्या लोकांचे जोक. आमच्या वेळी गाडी चालवणारीच बाई बोलत होती. आपल्या घरच्या मोठ्या माणसांना इंग्लिश येत असलं तरी तो ॲक्सेंट पकडता येत नाही, आणि मग ते बिचारे खिडकीबाहेर बघत बसतात, बोलत काही नाहीत. म्हणून आदल्या दिवशी त्यांना पुढच्या चार गोष्टी मराठीत सांगून ठेवा. एवढं केलं तर टूरमध्ये दोन शब्द जरी कानावर पडले तरी त्यांना कळतं की आता कशाबद्दल चाललंय.

पहिली गोष्ट शहर बसलं कसं. मुळात ही देनाइना नावाच्या इथल्या मूळ लोकांची जमीन. ज्या १८६७ साली नागपूरपर्यंत रेल्वे आली त्याच साली अमेरिकेने रशियाकडून अलास्का ७२ लाख डॉलरला विकत घेतलं. पण अँकरेज त्याच्याही बऱ्याच नंतरचं, १९१५ मध्ये अलास्का रेल्वेच्या कामासाठी शिप क्रीक ह्या ओढ्याच्या काठावर तंबू पडले आणि त्याच वर्षी जुलैत प्लॉटचा लिलाव झाला. आज अलास्कातली दर पाच माणसांमागे जवळपास दोन माणसं इथे राहतात.

दुसरी गोष्ट सगळ्यात मोठी, भूकंप. २७ मार्च १९६४, गुड फ्रायडे, संध्याकाळी साडेपाचनंतर, तीव्रता ९.२, आणि जमीन साधारण साडेचार मिनिटं हलत होती. जगात मोजलेल्या भूकंपांत ह्याच्यावर फक्त १९६० चा चिलीचा. आपल्या लोकांना किल्लारी आठवतं, ३० सप्टेंबर १९९३, ते ६.२ च्या आसपास होतं. ३ अंकांचा फरक म्हणजे ऊर्जेच्या हिशोबाने साधारण ३० हजार पट. तरी किल्लारीत हजारोंनी माणसं गेली आणि तिकडे दीडशेच्या आत, तीही बहुतेक त्सुनामीत. कारण वस्ती कमी, घरं लाकडाची, सुटीचा दिवस. आपल्याकडे पहाटे चार वाजता दगडमातीच्या घरात लोक झोपलेले होते. हे आईबाबांना नक्की सांगा, ते एकदम लक्ष देऊन ऐकतात.

टूरमध्ये ज्या फोर्थ ॲव्हेन्यूवरून निघता त्याच रस्त्याची एक बाजू तेव्हा दुकानांसकट कित्येक फूट खाली गेली होती. आणि पश्चिमेला टर्नअगेन नावाची वस्ती होती तिथली सत्तरच्या वर घरं जमिनीसकट समुद्राकडे सरकली. तिथेच आता अर्थक्वेक पार्क आहे. नुसतं बघितलं तर झाडीच झाडी, फोटो काढण्यासारखं काही दिसत नाही आणि लोक म्हणतात इथे काय आहे. झाडांकडे बघू नका, झाडांखालची जमीन बघा. ती सपाट नाही, उंचवटा, खड्डा, परत उंचवटा अशी आहे, ती त्या संध्याकाळची मोडतोड आहे आणि झाडं नंतर त्यावर उगवलीत. आमचे बाबा कोळशाच्या खाणीत सर्व्हेला होते, त्यांनी गाईडला विचारलं की खाली कोणती माती आहे. ती बाई इतकी खुश झाली की गाडी उभी असताना मागे वळून पाच मिनिटं त्यांच्याशीच बोलली. खाली चिकणमातीचा थर आहे, बूटलेगर कोव्ह क्ले म्हणतात, पाण्याने भरलेली, आणि खूप वेळ हलवली की तिच्यातली ताकद जाते. बाबा म्हणाले अरे ओली माती थापटत राहिलं की पातळ होते ना, तसंच. म्हणून सांगतो, प्रश्न विचारा, लाजू नका, हे गाईड लोक बोलायला तयारच असतात.

कुठे उतरू देतात आणि कुठे नुसतं गाडीतून दाखवतात हे तिकीट घेतानाच विचारून घ्या, आणि चढताना डावीकडे बसू की उजवीकडे हेही.

तिसरी गोष्ट विमानं. लेक हूड हा तलाव म्हणजे पाण्यावर उतरणाऱ्या विमानांचा जगातला सगळ्यात बिझी तळ. मोठ्या एअरपोर्टला लागूनच आहे. काठावर ओळीने छोटी छोटी विमानं बांधून ठेवलेली, प्रत्येकापाशी एखादं शेड, माणूस येतो, दोरी सोडतो, एका पायाने फ्लोटवर, म्हणजे विमानाखालच्या तरंगत्या भागावर, उभं राहून विमान काठापासून ढकलतो आणि मग आत चढून इंजिन चालू करतो. आपल्या फुटाळा तलावावर उभं राहून असं काही डोक्यातही येत नाही. पण तिथे हा शौक नाही, गरज आहे, अलास्काची राजधानी जुनोसुद्धा रस्त्याने जोडलेली नाही, कितीतरी गावांना औषधं, किराणा, पोस्ट सगळं विमानाने जातं. थंडीत तलाव गोठला की चाकं किंवा फ्लोटच्या जागी स्की लावतात. शेजारच्या मोठ्या एअरपोर्टवर मालवाहू जंबो विमानं दिसतील, आशियातून अमेरिकेत जाताना इथे इंधन भरतात, म्हणजे कमी इंधन आणि जास्त माल घेऊन उडता येतं. मिहानचं, म्हणजे आपल्या मालवाहू विमानतळाच्या प्रकल्पाचं, नाव ज्यांनी वर्षानुवर्षं ऐकलंय त्या नागपूरकराला हे वेगळं समजावून सांगावं लागत नाही, नकाशावर मोक्याची जागा असणं म्हणजे काय ते इथे डोळ्यासमोर दिसतं.

चौथी गोष्ट प्राणी आणि चिखल, आणि ही सुरक्षेची आहे म्हणून नीट वाचा. शहरात मूस, म्हणजे भलीमोठी हरणं, फिरतात, खरोखर रस्त्यावर, लोकांच्या अंगणात. मोठा नर पाचशे-सहाशे किलोचा असतो. आपण पेंच-ताडोबा केलेली माणसं, जिप्सीतून उतरायचं नाही हे अंगवळणी पडलंय, पण इथे प्राणी फुटपाथवर असतो म्हणून लोक विसरतात आणि सेल्फीला जवळ जातात. मे-जूनमध्ये मादीसोबत पिल्लू असतं तेव्हा ती सगळ्यात धोकादायक. अंतर ठेवा, खायला काही देऊ नका, तिथे तो गुन्हा आहे. कान मागे पाडले, मानेवरचे केस उभे राहिले की लगेच मागे सरा, अंगावर आलाच तर पळा आणि झाडाच्या किंवा गाडीच्या आड व्हा. अस्वलाच्या बाबतीत मात्र कधीच पळायचं नाही. हे दोन्ही नियम पोरांकडून पाठ करून घ्या.

आणि किनारा. कुक इनलेट ह्या समुद्राच्या खाडीला ओहोटी लागली की राखाडी रंगाची सपाट जमीन दूरवर उघडी पडते, अगदी चालत जावंसं वाटतं. जाऊ नका. तो हिमनद्यांनी दळलेल्या दगडाचा बारीक गाळ आहे, पाय रुततो, आणि भरती फार वेगाने येते, पाण्याची पातळी ८-९ मीटरने वरखाली होते. पाय अडकून माणसं मेली आहेत तिथे. वरून बघा, फोटो घ्या, पुरे.

आकाश मोकळं असेल तर इनलेटच्या पलीकडे माउंट सुसिटना डोंगर दिसतो, झोपलेल्या बाईसारखी त्याची रेघ आहे म्हणून त्याला स्लीपिंग लेडी म्हणतात. आणि नशीब असेल तर उत्तरेला देनाली शिखर, ६,१९० मीटर उंच. अंतर साधारण २१० किलोमीटर, म्हणजे नागपुरातून अकोल्यातली वस्तू दिसावी एवढं. ढगच असतात बहुतेक वेळा, पण गाईडला विचारा आज दिसून राहिला का आणि दिसत असेल तर कुठून. त्यांना रोजचं माहीत असतं.

टूर संपली की गाईडला टीप द्या, तिथे ते धरलेलंच असतं, सुटे डॉलर आधीच खिशात ठेवा. मग उतरायच्या आधी एकच विचारा, आमच्याकडे आता चार तास आहेत, तुम्ही असता तर काय केलं असतं.

आम्हाला विचाराल तर पोरं सोबत असतील तर टोनी नोल्स कोस्टल ट्रेलवर भाड्याची सायकल, रस्ता १८ किलोमीटरच्या आसपास आहे पण वेस्टचेस्टर लगूनपर्यंत जाऊन परत आलं तरी छान. आईबाबा असतील तर अँकरेज म्युझियम, तिथल्या मूळ लोकांचे कपडे आणि अवजारं बघायला दोन तास हवेतच. आणि जून किंवा ऑगस्ट असेल तर शिप क्रीकला चालत जा, डाउनटाऊनपासून उतारावर खाली आहे, जूनमध्ये किंग सॅल्मन आणि ऑगस्टमध्ये सिल्व्हर सॅल्मन हे मासे समुद्रातून वर चढतात, गावातले लोक गुडघाभर पाण्यात गळ टाकून उभे असतात, तिकीट वगैरे काही नाही. परत येताना चढ आहे, गुडघे दुखत असतील तर टॅक्सी बोलवा.