व्हॅक्यूम लावून डिलिव्हरी झाली? बाळाच्या डोक्याकडे असं लक्ष ठेवा

बाळाला बाहेर ओढायला डोक्यावर व्हॅक्यूमचा कप जिथे लावला होता तिथे फुगवटा दिसतो, डोकं लांबुळकं वाटतं, बघून आजी लोक घाबरतात, पण तो बहुतेक वेळा एक-दोन दिवसात बसतो आणि गोल वळ पण काही दिवसात जातो.

काही बाळांना मात्र काही तासांनी एका बाजूला टेंगूळ येतं, हाडाच्या आवरणाखाली रक्त साठलेलं असतं ते, जिरायला काही आठवडे, कधी महिने लागतात. ते दाबायचं नाही, शेकायचं नाही, आणि मालीशवाल्या बाईंना पहिल्याच दिवशी स्पष्ट सांगा की डोक्याला हात लावायचा नाही, "गोल करून देते" म्हणाल्या तरी नाही!! ते रक्त जिरताना कावीळ वाढू शकते, म्हणून डोळे आणि अंग पिवळं दिसलं तर कोवळ्या उन्हावर भागवू नका, रक्तातलं बिलीरुबिन (ज्याने कावीळ होते तो पिवळा घटक) तपासून घ्या, गरज असेल तर फोटोथेरपी देतात, म्हणजे बाळाला खास निळ्या दिव्याखाली ठेवतात.

खरी भीती दुसऱ्याच गोष्टीची, ती क्वचित होते पण जिवावर बेतू शकते. डोक्याच्या कातडीखाली रक्तस्राव होऊन सूज मऊ, लिबलिबीत लागते आणि कानामागे, मानेकडे पसरत जाते, बाळ फिकट पडतं, सुस्त होतं, दूध ओढत नाही. पहिले दोन-तीन दिवस डोकं रोज नीट बघा, आणि असं काही वाटलं तर सकाळची वाट न बघता लगेच एनआयसीयू (नवजात बाळांचा अतिदक्षता विभाग) असलेलं हॉस्पिटल गाठा. झटके आले तरी तेच.

डिस्चार्जआधी रक्त गोठायला मदत करणारं व्हिटॅमिन के चं इंजेक्शन दिलंय ना, तेही विचारून घ्या.