प्लेस्टेशन १ आणि २ च्या डिस्कची खात्रीची प्रत कशी काढावी

प्लेस्टेशन १ ची सीडी संगणकात घालून तिची साधी आयएसओ फाइल (डिस्कवरचा मजकूर एका फाइलीत) काढली, तर गेम बहुतेक वेळा सुरू होतो. मेन्यू दिसतो. मग पहिला व्हिडिओ आला की चित्र तुटतं, किंवा शर्यत सुरू होते आणि संगीत वाजतच नाही. यात डिस्कचा दोष नसतो आणि ड्राइव्हचाही नसतो. प्रतच अर्धवट निघालेली असते.

सीडीच्या एका सेक्टरमध्ये, म्हणजे वाचनाच्या एका तुकड्यात, २३५२ बाइट असतात. आयएसओ त्यातले फक्त २०४८ उचलते आणि उरलेले टाकून देते. साध्या फाइलींसाठी तेवढं पुरतं. पण प्लेस्टेशन १ चे व्हिडिओ आणि एक्सए पद्धतीचा आवाज वेगळ्या प्रकारच्या सेक्टरमध्ये असतो. तिथे दुरुस्तीच्या माहितीची जागा कमी करून २३२४ बाइट कामाला लावलेले असतात, म्हणजे २०४८ घेतले की प्रत्येक सेक्टरमधले २७६ बाइट गेले. ज्या गेममध्ये संगीत ऑडिओ सीडीसारखं वेगळ्या ट्रॅकवर असतं, तिथे तर आयएसओत ते ट्रॅक येतच नाहीत. म्हणून सीडीवरच्या गेमची प्रत नेहमी बिन आणि क्यू या जोडीत काढा. बिनमध्ये डिस्कचा कच्चा मजकूर असतो. कोणता ट्रॅक कुठे सुरू होतो हे क्यूमध्ये लिहिलेलं असतं, ती छोटी मजकुराची फाइल आहे. क्यू हरवली तर बिन असूनही पंचाईत होते, तेव्हा दोन्ही एकाच फोल्डरमध्ये ठेवा. बिनचं नाव बदललं तर क्यूच्या आतलं नावही बदलावं लागतं.

कायद्याचं आधी सांगून टाकू. भारताच्या १९५७ च्या कॉपीराइट कायद्यातलं कलम ५२(१)(एए) संगणक प्रोग्रॅमची प्रत कायदेशीरपणे बाळगणाऱ्याला बॅकअप काढू देतं, पण हरवणं, नष्ट होणं किंवा खराब होणं यांपासून तात्पुरतं संरक्षण एवढ्यासाठीच. २०१२ मध्ये आलेलं कलम ६५ए हक्कभंगाच्या हेतूने तांत्रिक संरक्षण तोडण्याला गुन्हा ठरवतं. तेव्हा स्वतःच्या डिस्कची प्रत स्वतःपुरती ठेवा, आणि डिस्क विकली तर प्रतही पुसा. परदेशात राहत असाल तर तिथला कायदा पाहा. अमेरिकेत संरक्षण तोडण्याबाबतचे नियम बरेच कडक आहेत.

डिस्क तपासा आणि पुसा

डिस्क दिव्यासमोर धरा. सुईच्या टोकाएवढे उजेडाचे ठिपके दिसले, तर तिथला चकाकणारा थर गेलेला आहे आणि पॉलिश करून तो परत येत नाही. सीडीचा हा थर वरच्या, छापील बाजूच्या वार्निशखाली लगेच असतो. त्यामुळे छापील बाजूचा खोल ओरखडा खालच्या बाजूच्या ओरखड्यापेक्षा घातक. डीव्हीडीत थर प्लास्टिकच्या दोन पातळ चकत्यांच्या मध्ये असतो, म्हणून ती वरून जास्त सुरक्षित असते.

पुसताना मायक्रोफायबरचं मऊ कापड घ्या आणि मधल्या भोकाकडून कडेकडे सरळ रेषेत पुसा. गोल फिरवून पुसू नका. ट्रॅकच्या दिशेने गेलेला लांब ओरखडा सलग बरेच सेक्टर मारतो, आडवा ओरखडा दुरुस्तीच्या माहितीतून भरून निघण्याची शक्यता जास्त असते. कोकणात आणि मुंबईत पावसाळ्यानंतर डिस्कवर बुरशीचे पांढरट धागे दिसतात. आयसोप्रोपिल अल्कोहोलमध्ये कापड किंचित ओलं करून ते निघतात, पण द्रव छापील बाजूला लागू देऊ नका. टूथपेस्ट घासण्याचा सल्ला सर्रास दिला जातो. तो पाळू नका, बारीक ओरखड्यांची नवी जाळी तयार होते.

प्लेस्टेशन १ च्या डिस्कची खालची बाजू काळी असते म्हणून घाबरायचं कारण नाही. सीडीचा लेझर ७८० नॅनोमीटरचा, म्हणजे अवरक्त असतो, आणि तो काळा रंग त्याला पारदर्शक आहे. साधा सीडी-डीव्हीडी ड्राइव्ह ही डिस्क वाचतो. सेगा सॅटर्न या दुसऱ्या कन्सोलच्या सीडीही याच पद्धतीने निघतात. ड्रीमकास्ट, गेमक्यूब आणि वी या कन्सोलच्या डिस्क मात्र सर्वसाधारण ड्राइव्ह पूर्ण वाचू शकत नाही, त्यांची वाट वेगळी आहे.

सीडीची प्रत: दोन मार्ग

विंडोजवर सोपा मार्ग म्हणजे इमेजबर्न हा प्रोग्रॅम. इन्स्टॉल करताना जोडीला दुसरे प्रोग्रॅम देऊ केले तर नाकारा. डिस्कवरून इमेज फाइल तयार करण्याचा पर्याय निवडा, वाचनाचा वेग ८ एक्स ठेवा. सेटिंगमध्ये ‘इग्नोर रीड एरर्स’ बंद आहे ना, ते पाहा. ही खूण चालू राहिली तर न वाचलेल्या जागा सोडून प्रोग्रॅम पुढे जातो आणि शेवटी सगळं नीट झाल्यासारखा दिसतो. प्लेस्टेशन १ च्या डिस्कसाठी इमेजबर्न आपोआप बिन-क्यूच काढतो. ८० मिनिटांच्या सीडीला ८ एक्सवर साधारण १० मिनिटं लागतात. ४८ एक्सने घाई करून उपयोग नाही. झिजलेली डिस्क त्या वेगात थरथरते आणि एरर वाढतात.

खेळण्यापुरती ही प्रत पुरते. जपून ठेवण्यासाठी रीडंपर हा प्रोग्रॅम वापरा. तो कमांडवर चालतो, आणि विंडोजवर एमपीएफ नावाची खिडकी त्याच्यासमोर लावता येते. यंत्रणा म्हणून ‘सोनी प्लेस्टेशन’ निवडायचं, माध्यम सीडी, वेग ८, फोल्डर द्यायचं आणि सुरू करायचं. रीडंपर प्रत्येक ट्रॅकची वेगळी बिन काढतो, उपवाहिनीची (मुख्य मजकुराशेजारी प्रत्येक सेक्टरसोबत येणारी) माहितीही वाचतो, आणि एक गोष्ट करतो जी इमेजबर्न करत नाही: ऑफसेट दुरुस्त करतो.

हा ऑफसेट नीट समजून घ्या, कारण सर्वात जास्त गोंधळ इथेच होतो. ऑडिओच्या एका सेक्टरमध्ये ५८८ नमुने असतात, प्रत्येक ४ बाइटचा. ऑडिओ सेक्टरला स्वतःचा पत्ता आत लिहिलेला नसतो, त्यामुळे प्रत्येक ड्राइव्ह थोडा अलीकडून किंवा पलीकडून वाचायला लागतो. प्लेक्सटर पीएक्स-७६०ए चा ऑफसेट +३०, एलजीच्या काही ड्राइव्हचा +६, काहींचा +६६७. डेटाच्या सेक्टरमध्ये सुरुवातीची खूण आणि पत्ता असतो, म्हणून डेटा ट्रॅक बिनचूक जुळतो आणि ऑडिओ ट्रॅक जुळत नाहीत. ऐकताना काहीच फरक कळत नाही. पण हॅश, म्हणजे फाइलच्या मजकुरावरून काढलेली ओळखखूण, जुळला नाही म्हणून लोक डिस्क पुन्हापुन्हा पुसत बसतात, आणि त्यात डिस्क बिचारी धडधाकट असते.

बरेच ड्राइव्ह डिस्कच्या अगदी टोकापलीकडचं वाचू देत नाहीत, आणि ऑफसेट दुरुस्त करायला ते थोडंसं लागतं. जुने प्लेक्सटर त्यासाठीच नावाजले गेले. एलजी आणि आसूसचे ठरावीक ड्राइव्हही चालतात. नवा ड्राइव्ह घेण्याआधी रीडंपरची सुसंगत यादी पाहा. लॅपटॉपला जोडायचा कोणताही यूएसबी ड्राइव्ह चालेल असं धरू नका.

लिनक्सवर सीडीआरडीएओ या प्रोग्रॅमने प्रत काढली आणि संगीताच्या जागी नुसती खरखर ऐकू आली, तर ऑडिओच्या बाइटचा क्रम उलटा आहे. त्याने काढलेल्या टीओसी फाइलची (ट्रॅकच्या यादीची) क्यू करताना बाइट अदलाबदल करण्याचा पर्याय लावून पुन्हा करा, डिस्क परत वाचायची गरज नाही.

युरोपात विकलेल्या, म्हणजे एसएलईएस किंवा एससीईएस क्रमांकाच्या काही प्लेस्टेशन १ डिस्कवर लिबक्रिप्ट नावाचं संरक्षण असतं. ठरावीक सेक्टरच्या उपवाहिनीत मुद्दाम बिघडवलेली माहिती असते आणि गेम तिच्यातून किल्ली वाचतो. बिन-क्यूमध्ये ही माहिती मावत नाही. मग गेम सुरू होतो आणि पुढे एका जागी अडतो. अशा डिस्कसोबत एसबीआय नावाची छोटी फाइल ठेवावी लागते. तिचं नाव क्यूच्या नावासारखंच द्या, म्हणजे डकस्टेशनसारखा एम्युलेटर (संगणकावर प्लेस्टेशनचे गेम चालवणारा प्रोग्रॅम) ती आपोआप उचलतो.

प्लेस्टेशन २: आधी खालची बाजू पाहा

निळी असेल तर सीडी, वरचीच पद्धत. चंदेरी असेल तर डीव्हीडी, आणि इथे आयएसओच बरोबर, कारण डीव्हीडीच्या सेक्टरमधून ड्राइव्ह २०४८ बाइटच बाहेर देतो. इमेजबर्नने ४ एक्सवर भरलेली एकथरी डीव्हीडी १५ मिनिटांच्या आसपास निघते.

एकथरी डीव्हीडीत सुमारे ४.७ जीबी मावतात, दुथरीत सुमारे ८.५. दुथरी गेममध्ये दुसऱ्या थरावर वेगळी फाइलव्यवस्था असू शकते. जो प्रोग्रॅम पहिल्या थराच्या फाइलव्यवस्थेत लिहिलेला आकार खरा मानतो, तो तिथेच थांबतो आणि प्रत पूर्ण झाल्याचं सांगतो. म्हणून डिस्कवरच्या फाइली ओढून फोल्डरमध्ये टाकू नका, पूर्ण डिस्कच वाचा, आणि आयएसओचा आकार इमेजबर्न दाखवतो त्या सेक्टरसंख्येला २०४८ ने गुणून ताडा.

प्रत ४ जीबीच्या जवळ येऊन अडकली तर डिस्ककडे नाही, पेनड्राइव्हकडे पाहा. फॅट३२ मध्ये एक फाइल ४ जीबीपेक्षा मोठी होत नाही. एक्सफॅट किंवा एनटीएफएस केलेल्या हार्ड डिस्कवर साठवा.

ओरखडे पडलेल्या डीव्हीडीसाठी लिनक्सवरचा डीडीरेस्क्यू फार गुणी आहे. सेक्टरचा आकार २०४८ सांगा आणि मॅप फाइल (काय वाचलं आणि काय राहिलं याची नोंद) नक्की द्या. पहिल्या फेरीत अवघड जागा न खरवडता सोडून द्यायला सांगा, म्हणजे चांगला भाग लवकर हातात येतो. दुसऱ्या फेरीत थेट वाचन आणि ३ पुनर्प्रयत्न. तरी काही जागा उरल्या तर डिस्क दुसऱ्या ड्राइव्हमध्ये घाला आणि तीच मॅप फाइल देऊन पुढे चालू करा. दोन ड्राइव्ह सहसा वेगवेगळ्या जागी अडतात, त्यामुळे एकाची भोकं दुसरा भरतो. सीडीसाठी मात्र डीडीरेस्क्यू वापरू नका, तो कच्चे २३५२ बाइट घेत नाही. तिथे रीडंपरचा ‘रिफाइन’ पर्याय हेच काम करतो.

भारतात तयार झालेल्या प्लेस्टेशन २ गेमची डिस्क घरात असेल, उदाहरणार्थ २००९ चे ‘हनुमान: बॉय वॉरियर’ किंवा ‘देसी अड्डा’, तर तिची प्रत सर्वात आधी काढा. जगभर खपलेल्या गेमच्या डिस्क कुठेही सापडतील, या तितक्या सहज सापडणार नाहीत.

हॅश जुळवल्याशिवाय प्रत झाली म्हणू नका

सेव्हन-झिप बसवलेलं असेल तर फाइलवर उजवी क्लिक करून एसएचए-१ काढता येतो. रीडंप या ऑनलाइन संग्रहात नोंदलेल्या प्रत्येक डिस्कच्या प्रत्येक ट्रॅकचा आकार आणि हॅश असतो. डिस्कवरच्या ‘सिस्टम डॉट सीएनएफ’ या मजकुराच्या फाइलीत गेमचा क्रमांक असतो, त्यावरून नोंद शोधा. नावावरून शोधू नका, एकाच नावाच्या गेमच्या प्रदेशागणिक वेगळ्या आवृत्त्या निघाल्या आहेत, आणि एकाच प्रदेशातही दुरुस्त केलेली दुसरी आवृत्ती असू शकते.

ऑफसेट दुरुस्त करूनही आकार जुळतो पण हॅश नाही, तर एकतर वाचनात चूक आहे किंवा आवृत्ती वेगळी आहे. डिस्क पुन्हा वाचा, शक्यतो दुसऱ्या ड्राइव्हवर. दोन्ही वेळा तोच हॅश आला तर प्रत चांगली असण्याची शक्यता मोठी. दोन्ही वेळा वेगवेगळा आला तर डिस्क अजून नीट वाचली जात नाहीये. संग्रहात नोंद नसलेल्या डिस्कसाठीही हीच कसोटी लावा.

जागा वाचवायची तर प्रत दाबून सीएचडी या प्रकारची फाइल करा. मेम या एम्युलेटर प्रकल्पातल्या सीएचडीमॅन या प्रोग्रॅमला सीडीसाठी ‘क्रिएटसीडी’ सांगून क्यू फाइल द्यायची (बिन नाही), आणि डीव्हीडीसाठी ‘क्रिएटडीव्हीडी’ सांगून आयएसओ. यात काहीही गमावलं जात नाही, आणि डकस्टेशन व प्लेस्टेशन २ चा एम्युलेटर पीसीएसएक्स२ दोन्ही सीएचडी थेट चालवतात. एसबीआय फाइल सीएचडीत शिरत नाही, ती शेजारी ठेवा. मूळ ट्रॅकवार हॅशची यादी आधीच जतन करा, कारण ‘एक्स्ट्रॅक्टसीडी’ने परत काढलेली बिन सहसा सर्व ट्रॅक एकत्र असलेली एकच फाइल असते आणि तिचा हॅश ट्रॅकच्या नोंदींशी जुळत नाही. बिन पुसण्याआधी सीएचडीमॅनचा ‘व्हेरिफाय’ चालवा.