परीक्षेत कॉपीचा आळ आला तर
ठाणे, नवी मुंबईतल्या दहावी-बारावीच्या कॉपीची प्रकरणं वाशीच्या विभागीय मंडळाकडे जातात. राज्याचा परीक्षा गैरप्रकार प्रतिबंधक कायदा 1982 चा आहे. नीट, जेईईसाठी केंद्राचा 2024 चा: 3 ते 5 वर्षं कैद, 10 लाखांपर्यंत दंड. पण त्याचा रोख पेपर फोडणाऱ्यांवर. त्या परीक्षांत परीक्षार्थीवर कारवाई परीक्षा घेणाऱ्या संस्थेच्या नियमांनुसार होते.

आत जाण्याआधी खिसे, कंपासपेटीचं झाकण, पॅडची मागची बाजू बघा. हॉलतिकिटामागे पेन्सिलीने खरडलेलं सूत्रही नडतं. मोबाइल बंद असला तरी जवळ नकोच.

चिठ्ठी सापडली तर हिसकाहिसकी नको, फाडू तर मुळीच नका; साधं प्रकरण तिथेच चिघळतं. जबाब मागतील तेव्हा घाई करू नका. चिठ्ठी कुठे सापडली (बाकाखाली की खिशात), किती वाजता, अक्षर तुमचं आहे का, त्यातलं उत्तरपत्रिकेत काही उतरलंय का, एवढं नेमकं लिहा. कोऱ्या कागदावर सही करू नका. ‘चूक झाली, माफ करा’ असं घाबरून लिहिलं की तोच कबुलीजबाब ठरतो. नवी उत्तरपत्रिका मिळाली तर पेपर पूर्ण सोडवा.

चौकशीचं पत्र आलं की दिलेल्या तारखेला हजर राहा आणि लेखी खुलाशाच्या प्रतीवर पोच घ्या.