जनुकक्रमाचे चौकोनी चित्र कसे काढावे

जनुकक्रम म्हणजे डीएनएच्या चार घटकांची ओळ; ते घटक ए, सी, जी, टी या चार अक्षरांनी लिहितात. त्यांची पानेच्या पाने वाचून हाती काही लागत नाही. १९९० साली संगणकशास्त्रज्ञ जोएल जेफ्री यांनी या अक्षरांचे चित्र करण्याची एक युक्ती मांडली. तिला लागतो फक्त एक चौरस.

पुण्याच्या अप्पा बळवंत चौकातून ग्राफपेपर आणा, १६ सेंटिमीटर बाजूचा चौरस आखा. डावीकडे खाली ए, म्हणजे (०, ०); वर सी. उजवीकडे वर जी, खाली टी. पेन्सिल मधोमध (८, ८) वर ठेवा. पहिले अक्षर ज्या कोपऱ्याचे, त्या दिशेने निम्मे अंतर जा आणि ठिपका द्या. पुढच्या अक्षरासाठी त्या ठिपक्यापासून पुन्हा निम्मे.

क्रम कोरोनाचाच घ्या. भारतात तो विषाणू प्रथम वेगळा केला पुण्याच्याच राष्ट्रीय विषाणुविज्ञान संस्थेने. वुहानचा संदर्भक्रम जेनबँक या जनुकक्रमांच्या ऑनलाइन संग्रहात फुकट मिळतो, २९,९०३ अक्षरांचा. (या विषाणूत डीएनएऐवजी आरएनए असतो आणि त्यात टीच्या जागी यू; तो यू तिथे टी म्हणूनच लिहितात.) सुरुवात एटीटीए, म्हणून ठिपके (४, ४), (१०, २), (१३, १), (६.५, ०.५).

दहा-वीस ठिपक्यांत मेख कळते. पुढचे हाताने करण्यात मर्दुमकी नाही. स्प्रेडशीटमध्ये प्रत्येक ओळीत एक अक्षर ठेवा. नवा क्ष म्हणजे आधीचा क्ष आणि कोपऱ्याचा क्ष यांची सरासरी; य तसाच. मग स्कॅटर चार्ट काढा, ठिपके शक्य तितके बारीक ठेवून.

आता वाचन. ठिपका ज्या पाव भागात, ते शेवटचे अक्षर. त्या पावाचे पुन्हा चार भाग केले की आधीचे अक्षरही कळते. जीच्या पावातला सीच्या बाजूचा तुकडा, म्हणजे क्ष ८ ते १२ आणि य १२ ते १६, ही ‘सीजी’ जोडी. कोरोनाच्या चित्रात तो विरळ दिसेल. माणसाच्या केंद्रकातल्या डीएनएचे चित्र काढले तरी तिथे खळगाच. माणसाच्या बाबतीत मात्र कारण माहीत आहे: सीजीतल्या सीला मिथाइल नावाचा छोटा रासायनिक गट चिकटतो आणि पिढ्यान्‌पिढ्या तो सी बदलून टी होत जातो. विषाणूची गोष्ट निराळी. सीजी हेरून त्याचा आरएनए पकडणारे झॅप नावाचे प्रथिन आपल्या पेशींत असते, संशय त्याच्यावर आहे. खळगा सारखा म्हणून कारण सारखे धरू नका.

दोन विषाणू ताडायचे तर चौरसाचे ६४ सारखे भाग करा, प्रत्येकातल्या ठिपक्यांची टक्केवारी काढा आणि भागागणिक फरकांची (अधिक-उणे चिन्ह सोडून) बेरीज करा. बेरीज जितकी लहान, तितके नाते जवळचे असण्याची शक्यता. वंशवृक्ष मात्र एवढ्यावर काढू नये.