व्यावसायिक आइस हॉकी: चौथ्या फळीतून दिसणारी कारकीर्द

आइस हॉकीवर पोट भरायचे ठरवले की नवख्याच्या डोळ्यांसमोर एकच नाव येते, ते नॅशनल हॉकी लीगचे, म्हणजे एनएचएलचे. त्या लीगमध्ये ३२ संघ आहेत आणि हंगामात प्रत्येकाला २३ खेळाडूंची चमू ठेवता येते, म्हणजे साऱ्या जगासाठी जागा साडेसातशेच्या आत. मी बचावपटू म्हणून आधी एनएचएलच्या लगेच खालच्या अमेरिकन हॉकी लीगमध्ये (एएचएल) आणि नंतर युरोपात खेळलो. या व्यवसायातली बहुसंख्य माणसे अशाच ठिकाणी कमावतात आणि अशाच ठिकाणी निवृत्त होतात, म्हणून पुढचे लिखाण त्यांच्या बाजूने आहे.

सुरुवातीच्या वाटा थोडक्यात सांगतो. कॅनडात साधारण १६ ते २० या वयात मुले मेजर ज्युनियर लीगमध्ये खेळतात, अमेरिकेत ज्युनियर लीगमधून महाविद्यालयीन हॉकीकडे जातात, आणि स्वीडन, फिनलंडसारख्या देशांत क्लबच्या कुमार संघातून थेट मोठ्यांच्या संघात चढतात. मेजर ज्युनियरमध्ये एकदा खेळले की अमेरिकी महाविद्यालयाचे दार बंद, हा जुना सल्ला आता कालबाह्य झाला आहे. ऑगस्ट २०२५ पासून तो नियम बदलला. तरीही हा सल्ला अजून ठामपणे देणारे भेटतात, तेव्हा सल्ला देणाऱ्याची माहिती किती ताजी आहे हे आधी पाहावे.

ड्राफ्टविषयी, म्हणजे एनएचएलचे क्लब दरवर्षी पाळीपाळीने तरुण खेळाडू निवडतात त्याविषयी, गैरसमज फार आहेत. सात फेऱ्यांत मिळून सव्वादोनशेच्या आसपास मुले निवडली जातात, पण निवड म्हणजे नोकरी नव्हे. त्या खेळाडूशी करार करण्याचा हक्क ठरावीक काळ त्या क्लबकडे राहतो, इतकाच तिचा अर्थ. पावेल दात्स्युक १९९८ मध्ये १७१ वा आणि हेन्रिक झेटरबर्ग १९९९ मध्ये २१० वा निवडला गेला, मार्टिन सेंट लुईला तर कोणी निवडलेच नाही आणि २००४ मध्ये तो लीगचा सर्वोत्तम खेळाडू ठरला, हे दाखले प्रत्येक शिबिरात ऐकवले जातात. ते खरे आहेत, परंतु इतके दुर्मिळ आहेत म्हणूनच लक्षात राहिले आहेत. मला त्यांच्यापेक्षा मार्क जोर्डानोचे उदाहरण अधिक उपयोगी वाटते. ड्राफ्टमध्ये निवड न झालेल्या या बचावपटूने मनासारखा करार मिळेना तेव्हा एक हंगाम रशियात जाऊन काढला, मग तो परतला आणि २०१९ मध्ये त्याने सर्वोत्तम बचावपटूचा नॉरिस करंडक मिळवला. बाजूला जाणे म्हणजे संपणे नसते, एवढे त्यातून घेता येते.

आता मुख्य गोष्ट. एएचएलच्या ड्रेसिंग रूममध्ये बसलेला जवळजवळ प्रत्येक जण आपल्या ज्युनियर संघाचा आघाडीचा खेळाडू असतो. तिथे पहिल्यांदा कळते की गोल करणाऱ्यांची गर्दी आहे आणि वरच्या संघाला जी जागा भरायची असते ती बहुधा चौथ्या फळीतली (फळी म्हणजे एकत्र उतरणारे तीन आघाडीचे खेळाडू) किंवा बचावाच्या तिसऱ्या जोडीतली असते. सामन्याला १२ आघाडीचे, सहा बचावाचे आणि दोन गोलरक्षक उतरतात. त्यांत पहिल्या दोन फळ्यांच्या जागा आधीच मोठ्या करारांनी भरलेल्या असतात. ज्याला वर जायचे आहे त्याने प्रशिक्षकाला नऊ-दहा मिनिटे निर्धास्तपणे वापरता येईल असा खेळाडू व्हावे: एक खेळाडू कमी असताना बचाव करणारा, फेसऑफ (पंच दोघांमध्ये पक, म्हणजे खेळातली रबरी चकती, टाकून खेळ सुरू करतो ती झटापट) जिंकणारा, फटक्याच्या वाटेत उभा राहणारा.

हे काम कसे दिसते ते बारकाईने पाहा. बर्फावरची एक शिफ्ट, म्हणजे बदली होईपर्यंतची एक पाळी, ४०-५० सेकंदांची असते, त्यानंतर पाय जड होतात आणि निर्णय चुकू लागतात. सामन्याच्या तीन पिरियडपैकी (भागांपैकी) दुसऱ्यात संघ बाजू बदलतात, त्यामुळे आपला बाक आपल्या गोलपासून दूर जातो आणि बचावपटूला बदलीसाठी लांबचे अंतर कापावे लागते. अशा वेळी दमलेल्या बचावपटूच्या काठीवर पक आला तर सुंदर पास शोधण्याच्या भरीस न पडता त्याने तो मधली लाल रेषा ओलांडून प्रतिस्पर्ध्याच्या कोपऱ्यात टाकावा आणि बाकाकडे वळावे. प्रेक्षकांना हा खेळ कंटाळवाणा वाटतो, आकडेवारीच्या तक्त्यात त्याची नोंदही होत नाही, पण दुसऱ्या दिवशी चित्रफीत पाहताना प्रशिक्षक नेमका तोच क्षण थांबवून दाखवतो. मला तर वाटते, खेळाडूची खरी परीक्षा त्या थकलेल्या दहा सेकंदांत होते.

स्केटच्या पात्याची धारही अशीच दुर्लक्षित बाब आहे. पात्याच्या तळाला दोन कडांच्या मध्ये खोबण घासलेली असते; ती खोल असली तर वळताना पकड घट्ट मिळते पण सरकण्याचा वेग मारला जातो, उथळ असली तर उलट. वजन, खेळण्याची जागा आणि बर्फ किती मऊ आहे यानुसार ती ठरते. आपले माप आपल्याला ठाऊक असावे आणि साहित्य सांभाळणाऱ्या माणसाशी संबंध चांगले ठेवावेत.

करारांकडे वळतो, कारण इथे शहाणी मुलेही गडबडतात. नवख्याला बहुधा दुहेरी करार मिळतो, त्यात वर खेळल्यास एक वेतन आणि एएचएलमध्ये खेळल्यास दुसरे. २०२५-२६ च्या हंगामात एनएचएलचे किमान वेतन वर्षाला ७,७५,००० डॉलर आहे, खालचा आकडा त्याच्या कितीतरी पट कमी असतो, आणि त्याखालच्या ईसीएचएलमध्ये आठवड्याला पगार व राहायला क्लबची जागा अशी व्यवस्था असते. शिवाय वेव्हरचा नियम समजून घ्यावा. ठरावीक वय व अनुभव झालेल्या खेळाडूला खाली पाठवण्याआधी इतर सर्व क्लबांना त्याला उचलण्याची संधी द्यावी लागते. तरुणाला मात्र तशी अडचण न येता खाली धाडता येते. म्हणून शिबिरात सरस खेळलेला मुलगा खाली जातो आणि सामान्य खेळलेला तिशीतला खेळाडू वर राहतो. हा निकाल खेळाचा नसतो, कागदाचा असतो, आणि हे माहीत असणारा मुलगा चिडून दोन आठवडे वाया घालवत नाही.

एएचएलमध्ये आणखी एक अट आहे. गोलरक्षक वगळता उतरणाऱ्या १८ जणांपैकी किमान १३ जण कमी अनुभवाचे असावे लागतात आणि त्यातले १२ जण २६० किंवा त्याहून कमी व्यावसायिक सामने खेळलेले. ७२ सामन्यांचा हंगाम धरला तर चौथ्या-पाचव्या वर्षानंतर तुम्ही अनुभवी गटात जाता आणि संघात तुमच्यासाठी पाचच जागा उरतात. पंचविशीच्या आसपास इतके खेळाडू अचानक युरोपाची वाट का धरतात, याचे एक कारण इथे आहे.

शरीराबद्दल एवढेच सांगतो की डोक्याला मार बसल्यावर लक्षणे लपवणे ही मर्दुमकी आता कोणी मानत नाही आणि मानूही नये. ऑक्टोबर २०२३ मध्ये इंग्लंडमधील सामन्यात स्केटच्या पात्याने मान कापली जाऊन अ‍ॅडम जॉन्सनचा मृत्यू झाला, त्यानंतर अनेक लीगनी मानेचे कवच सक्तीचे केले. जिथे सक्ती नाही तिथेही ते घालावे. सवय व्हायला आठवडाभर पुरतो.

मुलींसाठी चित्र नुकतेच बदलले आहे. जानेवारी २०२४ मध्ये सहा संघांची महिलांची व्यावसायिक लीग, पीडब्ल्यूएचएल, सुरू झाली आणि २०२५ मध्ये त्यात सिएटल व व्हँकुव्हरची भर पडली. जागा अजून थोड्या आहेत, त्यामुळे महाविद्यालयीन पदवी पूर्ण करूनच या वाटेला लागणे मला शहाणपणाचे वाटते.

युरोपातला करार हातात आला की प्रथम पाहावे, सांगितलेली रक्कम कर भरण्याआधीची आहे की हातात पडणारी. घर, गाडी आणि आरोग्यविमा कोणाकडे, हंगामाच्या मध्यात दुखापत झाली तर पगार चालू राहतो का, आणि संघ खालच्या श्रेणीत घसरला तर करार टिकतो का, हेही लेखी असावे. स्वित्झर्लंड, जर्मनीसारख्या ठिकाणी परदेशी खेळाडूंच्या संख्येवर मर्यादा आहे. गोल होईनासे झाले की क्लब आधी परदेशी खेळाडू बदलतो, त्यामुळे करार मध्येच तोडण्याचे कलम सहीपूर्वी एजंटाकडून ओळीओळीने समजून घ्यावे.