नवं काय वाचावं?

आमच्या जळगावात वाचनालयात शिरलं की सगळ्यांची झुंबड नव्या पुस्तकांवर. मी आधी परत आलेल्यांचा गठ्ठा चाळतो. पाठीला चिकटपट्टी, पानावर चहाचा डाग, म्हणजे ते कुणीतरी खरंच वाचलंय! मग पाठीवरचा आकडा बघायचा. ड्यूई दशांश वर्गीकरण या पुस्तकांना विषयवार आकडे देण्याच्या पद्धतीत ६३० म्हणजे शेती, ६४१ स्वयंपाक, ९१० प्रवास, ९२० चरित्रं. दर खेपेला एक कादंबरी आणि एक अनोळखी आकड्याचं पुस्तक घ्या. माहितीपर पुस्तक आवडलं तर मागच्या संदर्भसूचीचा मोबाइलवर फोटो काढून ठेवा, पुढची चार नावं तिथेच सापडतात. नाहीच रमलं? भुसावळच्या गाडीतल्या अर्ध्या तासात ते कळतं. खुशाल परत करा.