मोटर जोडण्याआधी लॅपटॉपवरच बिघडवून बघा

भोसरीत कंट्रोल पॅनल बनवतो; त्यातला पीएलसी म्हणजे यंत्र कधी चालू-बंद करायचं ते ठरवणारा छोटा संगणक. डिप्लोमाची पोरं आली की पहिला प्रश्न ठरलेला: "पीएलसी शिकायला पीएलसी कुठून आणू?" आणूच नका. जर्मनीतल्या केम्प्टनच्या कंपनीचं कोडेसिस हे पीएलसीचा प्रोग्राम लिहायचं सॉफ्टवेअर फुकट उतरवता येतं. त्यातलं लॅडर, म्हणजे सर्किटच्या आकृतीसारखी दिसणारी प्रोग्रामची भाषा, आयईसी ६११३१-३ या आंतरराष्ट्रीय मानकातलं आहे. पुढे सीमेन्सचा पीएलसी आला काय नि डेल्टाचा आला काय, विचार तोच, मेनू वेगळे.

'स्टँडर्ड प्रोजेक्ट' घ्या, डिव्हाइस 'कोडेसिस कंट्रोल विन', भाषा लॅडर. ऑनलाइन मेनूत 'सिम्युलेशन' चालू करा, नाहीतर लॉगिन करताना ते खरा पीएलसी मागेल.

आता छोटा कन्व्हेयर. स्टार्ट, त्याला समांतर मोटरचा होल्डिंग कॉन्टॅक्ट (बटण सोडल्यावरही मोटर चालू ठेवणारा), पुढे सिरीजमध्ये स्टॉप आणि ओव्हरलोड (मोटरवर जास्त भार आला की तोडणारा), शेवटी मोटरची कॉइल, म्हणजे मोटर चालू करणारं आउटपुट. स्टॉप लॅडरमध्ये एनओच (इनपुट असेल तेव्हाच जोडलेला) काढायचा. इथे सगळे अडखळतात. बाहेरचं बटण एनसी (न दाबता जोडलेलं, दाबलं की तुटणारं) असतं, म्हणून न दाबता इनपुटला २४ व्होल्ट मिळत राहतात. वायर तुटली की इनपुट जातो, मोटर थांबते. बाहेर एनओ (दाबल्यावरच जोडणारं) बटण लावलंत तर तुटलेली वायर गरजेच्या दिवशीच कळेल. ओव्हरलोडचंही तसंच.

ऑल्ट-एफ८ ने लॉगिन, एफ५ ने रन. स्टॉप आणि ओव्हरलोडच्या 'प्रिपेअर्ड व्हॅल्यू'त ट्रू टाकून कंट्रोल-एफ७ दाबा. मग स्टार्ट ट्रू, नंतर फॉल्स. मोटर होल्ड झाली? पोरं इथे खूश होऊन लॅपटॉप मिटतात. खरं काम इथून पुढे.

स्टार्ट ट्रूच ठेवा आणि स्टॉप फॉल्स करून परत ट्रू करा. मोटर आपोआप सुरू होते! हे काही पुस्तकी नाही. रात्रपाळीत स्टार्टच्या बटणावर चिकटपट्टी लावलेली मी पाहिली आहे. उपाय म्हणून स्टार्टनंतर आर_ट्रिग लावा, म्हणजे बटण दाबलं त्या क्षणाचीच दखल घेतली जाते. होल्डिंग आर_ट्रिगच्या आउटपुटला समांतर.

पण लाइट जाऊन आली तर? लॉगआउट करा, डिक्लेरेशनमध्ये तिन्ही इनपुटना सुरुवातीचीच किंमत ट्रू द्या, पुन्हा लॉगिन करताना 'लॉगिन विथ डाउनलोड' निवडा आणि रन करा. पहिल्याच स्कॅनला (प्रोग्रामच्या फेरीला) आर_ट्रिग फसतो, मोटर चालू. त्यासाठी 'तयार' नावाचा एक बिट (ट्रू-फॉल्स व्हेरिएबल) करा: स्टार्ट सुटलेला दिसला की सेट कॉइलने (एकदा ट्रू केलं की ट्रूच ठेवणारी) तो सेट व्हावा. त्याचा कॉन्टॅक्ट आर_ट्रिगच्या पुढे, होल्डिंगच्या समांतर फांदीच्या आत. हा बिट रिटेन (लाइट गेल्यावरही लक्षात राहणारा) करू नका.

माल अडकला तर? मोटर चालू आणि सेन्सरसमोर खोकं सलग ५ सेकंद, म्हणजे टॉन टायमरला (ठरलेला वेळ गेल्यावर आउटपुट देणारा) टी#५एस. त्याच्या आउटपुटने फॉल्टचा बिट सेट करा, त्याचा एनसी कॉन्टॅक्ट (बिट सेट झाला की तुटणारा) मोटरच्या रंगमध्ये, म्हणजे लॅडरच्या त्या ओळीत घाला. रिसेटला वेगळं बटण द्या. स्टार्टनेच फॉल्ट उडवायची सोय केलीत तर ऑपरेटर अडकलेलं खोकं न काढता स्टार्ट दाबत बसेल.

इमर्जन्सी स्टॉप मात्र या लॅडरच्या भरवशावर ठेवायचा नाही. तो सेफ्टी रिलेतून थेट कॉन्टॅक्टरच्या (मोटरची वीज जोडणारा मोठा स्विच) कॉइलचा सप्लाय तोडणारा हवा. पीएलसीला फक्त त्याची खबर द्यायची.